आत गॅस आहे

मला सगळे गॅसबाई म्हणतात. आईवडिलांनी हौसेने ठेवलेलं नाव पगाराच्या दिवशी सही करताना तेवढं आठवतं.

काम काय ते सांगते, म्हणजे पुढचं कळेल. सरकारी गोदामात धान्याच्या पोत्यांच्या थप्प्या असतात, घराएवढ्या उंच. थप्पीला कीड लागली की ती ताडपत्रीने झाकायची, कडेने वाळूच्या लांब पिशव्या दाबून बसवायच्या आणि आत तबकांमध्ये गोळ्या ठेवायच्या. हवेतली ओल लागली की गोळीतून गॅस सुटतो. किडा मरतो, उंदीर मरतो आणि शहाणपणा करून आत डोकावणारा माणूससुद्धा मरतो. म्हणून दारावर पाटी लावतात. वर कवटी, दोन हाडं, खाली मोठ्या अक्षरांत ‘आत गॅस आहे’. पाटी लागली की नियमाने त्या धान्याला कोणी हात लावायचा नाही. मंत्री आला तरी नाही. नियम चांगला आहे हो, मीच कितीदा त्यावरून भांडलेय. पण चांगल्या नियमाचा गळफास करायला आपल्याकडे माणसं टपलेलीच असतात.

दुष्काळ हा शब्द उच्चारायची बंदी होती. रेडिओवर ‘तात्पुरती टंचाई’ म्हणायचे. तात्पुरत्या टंचाईने आमच्या गल्लीतली माणसं कायमची जायला लागली तरी रेडिओवरची बाई त्याच गोड आवाजात टंचाई म्हणायची. तो रेडिओ उचलून आपटावा असं वाटायचं. आणि उगाच पावसाच्या नावाने बोटं मोडू नका. पाऊस कमी झाला होता, नाही असं नाही, पण पीक बुडालं नव्हतं. ते गोदामात आलं तेव्हा मी दारातच उभी होते. झालं असं, की सरकारने बाहेरच्या देशाकडून रणगाडे घेतले आणि त्याची किंमत गव्हात चुकवायचं कबूल केलं. जहाज येणार, गहू जाणार. याचा वास व्यापाऱ्यांना लागला. त्यांनी बाजारात उरलासुरला गहू उचलला आणि कुलूप घालून बसले. भाव आभाळाला भिडला, मजुरी होती तिथेच. डोंगराकडून मका आणि डाळ यायची, तर तिकडच्या लोकांनी निवडणुकीत भलत्याच माणसाला मतं दिली म्हणून लष्कराने रस्ता अडवला. आता मला सांगा, यात ढगांनी काय केलं?

लोक अर्ज घेऊन वरच्या कचेरीत जायचे. वरची कचेरी लाजेकाजेस्तव हुकूम काढायची, ‘गोदाम उघडून वाटप करावे.’ पहिल्यांदा असा हुकूम आला तेव्हा गोदामसाहेबांनी मला बोलावलं.

“गॅसबाई, पाटी लाव.”

“कीड कुठाय साहेब?”

“पाटी लाव म्हटलं ना!”

“आणि गोळ्या?”

“गोळ्या कशाला वाया घालवतेस?”

मी पाटी लावली. साहेबांनी वर कळवलं, धान्यावर औषधप्रक्रिया चालू आहे, सबब वाटप शक्य नाही. वरच्यांनाही तेच हवं होतं. पुढचा हुकूम आला की पुन्हा पाटी. माझा दादा त्याच गोदामात हमालांचा मुकादम, पण धान्य हलायचं थांबल्यापासून घरीच बसलेला. त्याच्याकडे एकदा मी तोंड सोडलं. म्हटलं, आत गॅसही नाही न् फिसही नाही, पाटी म्हणजे नुसतं बुजगावणं आहे. दादा हसला नाही. पण आठवड्याच्या आत गल्लीभर झालं.

पुढचं सगळं माझ्या हातांनी झालं. झाडलोटीपुरतं कुलूप काढून मला आत सोडायचे आणि किल्ली परत साहेबांकडे जायची. एके दिवशी मोठ्या थप्पीला कान लावला तर आतून कुरकुर ऐकू आली. दाणा पोखरणारे पोरकिडे! लाखोंनी असले की पोतं बोलतं. खाली जमिनीवर पिठाची भुकटी पडली होती. माणसं बाहेर पाणी उकळून पितायत आणि आत किड्यांची पंगत बसलीय! मी साहेबांना सांगितलं. ते म्हणाले, “जहाजवाला वजनावर घेतो, तोंड बघून नाही. राहू दे.” माझं डोकंच फिरलं. आज ना उद्या कुलूप निघालं तर लोकांना काय द्यायचं, कोंडा? गोळ्यांचे डबे माझ्याच ताब्यात होते. पहारेकरी दारात पेंगत होता. मी थप्पी झाकली, पिशव्या दाबल्या, तबकं आत सारली आणि खरा गॅस लावला. पाटी तर दारावर होतीच. कोणाला बोलले नाही. साहेबांना सांगितलं असतं तर त्यांनी तबकं बाहेर काढायला लावली असती, आणि दादाला सांगितलं असतं तर तो म्हणाला असता, जहाजासाठी बरी राखण करतेस.

दुसऱ्या दिवशी सकाळी वहिनी दारात आली. धाकटा खांद्यावर. तो पोर आता रडत पण नसे, नुसता डोळे उघडे ठेवून असायचा. थोरला भुकेने गेल्यापासून वहिनी कामापुरतंच बोलायची.

“रिकामी पोती आहेत का गं?”

“कशाला?”

“असू देत.”

तिच्या मागे पाहिलं तर समोरची म्हातारी उंबऱ्यात बसून पोत्याला ठिगळ लावत होती. पलीकडच्या घरीही तेच.

“वहिनी, काय चाललंय? खरं सांग, तुला माझी शपथ.”

तिने इकडेतिकडे पाहिलं. “मंत्री येतोय ना आज. बाहेरदेशचे पाहुणे आणि कॅमेरेवाले घेऊन. इकडे कोणी उपाशी नाही हे दाखवायला. सगळे पोलीस चौकात असतील. दुपारी ह्यांनी लोकांना गोदामापाशी बोलावलंय.”

“वहिनी, आत गॅस आहे!”

“हो तर, दारावर लिहिलंय की,” वहिनी म्हणाली. कितीतरी दिवसांनी तिच्या ओठांवर काहीतरी हललं.

“अगं खरा आहे! मी काल लावला! ती ताडपत्री ओढली की माणसं जागेवर पडतील!”

तिने धाकट्याला दुसऱ्या खांद्यावर घेतलं. मग हळूच म्हणाली, “हे म्हणाले होते, हिच्या कानावर घालू नको. गोदामाचा शिधा खाते ती, आयत्या वेळी साहेबाची बाजू घेईल. मी म्हटलं, नाही हो, आपलीच आहे.” पगारासोबत मिळणाऱ्या शिध्यातला अर्धा मी तिच्याच घरी पोचवायचे, हे त्या क्षणी बोलून दाखवावंसं वाटलं. त्याऐवजी दादा कुठे आहे विचारलं, तर पहाटेच गेला होता आणि कुठे ते तिलाही सांगून गेला नव्हता. माझी पोतीसुद्धा न घेता ती निघून गेली.

ठकीला, माझ्या लेकीला, शेजारी ठेवलं आणि धावतच साहेबांचं घर गाठलं. माणसं यायच्या आधी दारं उघडून, ताडपत्र्या काढून गॅस उडवला तर वाचू, एवढंच डोक्यात होतं. पण किल्ली साहेबांकडे.

साहेब आरशासमोर टाय बांधत होते.

“साहेब, किल्ली द्या. मोठ्या थप्पीवर गॅस आहे, हवा द्यायला हवी.”

ते आरशातूनच बोलले. “कसला गॅस?”

“मी लावला. काल. खरा.”

“कोणाच्या हुकमाने?”

“किड्यांच्या!”

ते हसले. खरंच हसले. “लावलास तर लावलास. मग राहू दे की बंद. आठवडाभर झाकून ठेवायचं असतं, दरवेळी तूच मला शिकवतेस. आज उघडायची घाई कसली? आत कोणी जाणार आहे का?”

हो म्हटलं तर चौकातले पोलीस बंदुका घेऊन गोदामावर, आणि पहिली गोळी दादाला. नाही म्हटलं तर किल्ली नाही. इकडे आड, तिकडे विहीर.

“तसं नाही साहेब… चुकून कोणी…”

“पाटी आहे ना?”

“त्या पाटीला आता कुत्रं विचारत नाही, साहेब! तुम्हीच तिची ही गत केलीत!”

टाय अर्धवट सोडून ते वळले. चिडले नव्हते. चिडले असते तर बरं झालं असतं. लहान मुलाला समजवावं तसं म्हणाले, “हे बघ, गहू गेला नाही तर रणगाड्यांचे सुटे भाग येत नाहीत. भाग आले नाहीत तर डोंगराकडची फौज माघारी येते. फौज माघारी आली की मंत्र्याची खुर्ची जाते, आणि खुर्ची गेली की माझी गेलीच. आणि समजा आज वाटप केलं, तर उद्या पेपरवाले म्हणणार, म्हणजे दुष्काळ होता! मग इतके महिने झोपला होतात का? तेव्हा धान्य आहे तिथे असण्यात सगळ्यांचं भलं आहे.”

“सगळ्यांचं म्हणजे कोणाकोणाचं साहेब?”

त्यांनी किल्ली खिशात टाकली, गाडीत बसले आणि मंत्र्याला हार घालायला गेले. मी फाटकाबाहेर उभी राहून त्यांच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. ऐकायला फक्त माळी होता, तो मान खाली घालून कोरड्या मातीला पाणी घालत राहिला.

घरून माझा गॅसचा मुखवटा घेतला. एकच होता. गोदामाच्या आवारात पोचले तेव्हा पहारेकरी आपली पिशवी भरून निघायच्या तयारीत होता. त्याला कुठून कळलं कोण जाणे.

“मी काही पाहिलं नाही, मी इथे नव्हतोच,” तो म्हणाला. मग थांबून विचारलं, “तू तरी खरं सांग, आत आहे का काही?”

“आहे. खरंच आहे.”

“साहेबपण असंच म्हणतात,” तो म्हणाला आणि गेला.

मग लोक आले. भुकेली माणसं आरडाओरडा करत येत नाहीत. ती चालत येतात आणि मध्येमध्ये बसतात. बायका एकमेकींना हात देत होत्या. कोणाच्या खांद्यावर पोतं, कोणाच्या डोक्यावर पातेलं. दादा पुढे होता, हातात पहार. त्याच्या दंडाला पूर्वी माझे दोन्ही पंजे पुरायचे नाहीत. आता बाही नुसती लोंबत होती. मी दाराला पाठ लावून उभी राहिले.

“बाजूला हो,” दादा म्हणाला.

“दादा, आत गॅस आहे. खरा.”

“तूच म्हणाली होतीस बुजगावणं आहे.”

“तेव्हा होतं रे! काल मी लावला.”

“का?”

“किडे लागले होते.”

तो माझ्याकडे असा बघायला लागला की जणू मी कोणी परकीच. “म्हणजे माझं पोर गेलं, दुसरं त्याच वाटेवर आहे, आणि तू जहाजासाठी गहू टिकवत बसलीस?”

“जहाजासाठी नाही! तुमच्यासाठीच! तुम्हाला मिळेल तेव्हा चांगला मिळावा म्हणून!” हे बोलताना माझं मलाच ऐकू आलं, आणि ते साहेबांसारखं वाटलं. तुमच्या भल्यासाठीच, थोडा दम धरा.

मागून कोणीतरी ओरडलं, “शिधा खाणारी ती! पढवून पाठवलाय पोपट!” दुसरा म्हणाला, “वेळ काढतेय. पोलीस येईपर्यंत बोलत बसेल.” मी मुखवटा पुढे केला, म्हटलं हा घालून कोणीतरी आत जा, मेलेले उंदीर दिसतील. तर एक बाई म्हणाली, “उंदीर काय, आमच्या घरातही मेलेत.” लांडगा आला रे आला म्हणून बोंब मारणारा दुसराच होता, आणि खरा लांडगा दारात उभा असताना माझ्या शब्दाला कवडीची किंमत नव्हती. राग आला, रडू आलं आणि दोन्ही गिळलं.

“बरं,” मी म्हटलं. “मुखवट्याशिवाय मी जाते आत. ताडपत्रीची कड उचलते. धडधाकट बाहेर आले तर तुम्ही सगळे खुशाल आत जा.”

मला वाटलं दादा म्हणेल, वेडी झालीस का. सायकलवरून पडले तर जो मला पाठुंगळी घेऊन घरी आला होता, तो असा कसा म्हणणार नाही? दादा म्हणाला, “जा.”

तो शब्द जेवढा लागला तेवढं त्यानंतरचं काहीच लागलं नाही. त्याने पहार कुलपात घातली, कुलूप तुटलं, दार माणूस जाईल एवढं सरकवलं आणि तो बाजूला झाला.

आत अंधुक होतं. वास आलाच, लसूण कुजवल्यासारखा. ताडपत्रीतून थोडा झिरपला होता. भीती वाटत होती, खोटं कशाला सांगू? ठकीला शेजारणीकडे सोडताना नीट जवळसुद्धा घेतलं नव्हतं. थप्पीपाशी गेले, वाळूची पिशवी पायाने लोटली. श्वास रोखून धरला होता. आणि मग लक्षात आलं, की असाच श्वास रोखून मी परत चालत गेले, तर काही झालं नाही असं बघून सगळा जमाव माझ्यामागून आत घुसेल. म्हणजे श्वास घ्यायलाच हवा होता. ताडपत्री उचलली, डोकं आत घातलं आणि घेतला.

पुढचं तुकड्यातुकड्यांत आठवतं. छातीवर कोणीतरी बसलंय. जमीन गालाला गार लागतेय. कोणीतरी दोन्ही पाय धरून फरफटत नेतंय. मग ऊन, ओकारी, पुन्हा ओकारी, आणि तोंडाला ओलं फडकं बांधलेला दादा, माझं डोकं मांडीवर घेऊन, “खरंच होता की गं, खरंच होता की,” एवढंच पुन्हा पुन्हा म्हणत रडत होता. मला त्याच्या एक ठेवून द्यायची होती, पण हात उचलला नाही.

जमाव आपोआप मागे सरला होता. माझा आवाज गेला होता. मी खुणेने दादाला मुखवटा घालायला लावला. वारा येतो त्या बाजूचं दार आधी, मग समोरचं, मग ताडपत्र्या, शेवटी तबकं. दादाने एकट्याने सगळं केलं, मध्ये मध्ये बाहेर येऊन मला विचारत. ताडपत्री ओढताना तो दोनदा खाली बसला. मग वारा आरपार वाहायला लागला आणि सगळे आवारात बसून राहिले. धान्य डोळ्यांसमोर होतं आणि कोणी उठत नव्हतं. मीच हाताने खूण केली होती, उद्या सकाळी.

संध्याकाळी पोलीस आले, फाटकाबाहेर रांगेने उभे राहिले, पण आत आले नाहीत. पाहुणे आणि कॅमेरे अजून गावात होते. गोळीचा आवाज चौकापर्यंत गेला असता. रात्रभर वारा होता, तेवढीच देवाची कृपा.

सकाळी दादा आणि त्याचे हमाल थप्पीवर चढले आणि पोती खाली यायला लागली. आवारात दगड मांडून चुली पेटल्या, पातेल्यांत पाणी चढलं. कोणी हसत नव्हतं, पण बायका एकमेकींशी नेहमीसारखं बोलायला लागल्या होत्या, लाकूड ओलं आहे, पातेलं लहान पडतंय. शेजारीण ठकीला घेऊन आली होती. ती माझ्या मांडीवर येऊन बसली. माझं डोकं फुटत होतं, आणि तिच्या केसांना नाक लावलं तर मला काहीच वास आला नाही. चुलीच्या धुराचाही नाही.

तेवढ्यात भोंगा खरखरला. फाटकापाशी जीप होती आणि जीपमध्ये साहेब.

“नागरिकांनो, या धान्यात विषारी गॅस आहे! हे धान्य खाणारा मरेल! काल आमची एक कर्मचारी त्याच गॅसने मरता मरता वाचली, तुम्ही स्वतः पाहिलं आहे. पोती जागेवर ठेवा. तुमच्या जिवासाठी सांगतोय. सरकार लवकरच शुद्ध धान्याचं वाटप करणार आहे!”

इतके महिने पाटी लावून खोटं बोलले, कोणी विश्वास ठेवला नाही. आज ठेवला, आणि तो माझ्या जिवावर! काल मला पडताना सगळ्यांनी पाहिलं होतं. एका बाईने पातेलं लाथेने उलटं केलं आणि तोंडात पदर कोंबून रडायला लागली. पोतं घेऊन फाटकाकडे निघालेला एक म्हातारा ते खाली ठेवून त्याच्याकडे बघत उभा राहिला. दोनचार जण पोती परत आत न्यायला लागले. स्वतःहून! एकाही पोलिसाला हात हलवावा लागला नाही.

मी उठले. घशातून जेमतेम घोगरा आवाज निघाला. “खोटं आहे! गॅस उडाला! दाण्यात राहत नाही तो, किती वर्षं हेच करतेय मी! धुऊन खा!” कोणी जागचं हललं नाही. मी पोत्यात हात घातला, मूठभर दाणे तोंडात कोंबले आणि सगळ्यांकडे बघत चावले. गिळताना घसा सोलून निघाला.

वहिनी पुढे आली. धाकटा तिच्या खांद्यावर तसाच, डोळे उघडे.

“तू खाशील गं,” ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. “काल तू मरायला आत गेलीस. जी मरायला तयार आहे तिच्या खाण्यावर मी कशी जाऊ?”

“मग काय करू वहिनी?”

तिने माझ्या पायाशी बसलेल्या ठकीकडे पाहिलं. “माझा थोरला गेला. आता हा एकच आहे. ठकीला दे. मग मी याला देते.”

दादा म्हणाला, “अगं काय बोलतेस!” ती त्याच्याकडे वळलीसुद्धा नाही. मला तिचा राग यायला हवा होता. आला नाही, कारण तिच्या जागी मी असते तर हेच म्हणाले असते.

आणि तुम्हाला खरं सांगते, त्या क्षणी माझं सगळं शहाणपण पाण्यात गेलं. बाहेरच्या पोत्यांना रात्रभर वारा लागला होता, ती ठीक. पण थप्पीच्या पोटातली? तिथे कितीसा गेला असेल? बाहेरचं पोतं ठकीला आणि आतलं लोकांना, असं करणं म्हणजे साहेबांचीच जात. दादाला म्हटलं, मधलं पोतं काढ. अगदी मधलं. त्याने काढलं, शिवण फाडली. मी नाक खुपसलं. काही नाही. पण मला चुलीचा धूर कळत नव्हता तिथे गॅस काय कळणार?

“दादा, तू बघ. लसणासारखा येतो का?”

त्याने तोंड पोत्यात घातलं, बराच वेळ. “नाही,” म्हणाला. “पोत्याचा येतोय. गोणपाटाचा.”

“नक्की?”

“नक्की गं.”

काल माझ्या शब्दावर तो थांबला नव्हता. आज मला त्याच्या शब्दावर माझी पोर लावायची होती. मी दाणे घेतले, तीनतीनदा धुतले, पातेल्यात टाकले. उकळी यायला जन्म गेला. भोंगा वाजत होता, विष, विष. दाणे फुटले, मऊ झाले. मी वाटीत काढले. ठकीने स्वतःच फुंकर घातली, भाजेल म्हणून. एवढी शहाणी पोर. पहिला घास तिने खाल्ला तेव्हा मी तिचा हात मागे ओढायला निघाले होते, खरंच निघाले होते. दादाने माझं मनगट धरलं.

“आई, सगळे माझ्याकडे का बघतायत?”

“तू खा बाळा.”

ती खात राहिली. वहिनी तिच्या गळ्याकडे बघत होती. ठकीने वाटी चाटली, बोटं चाटली आणि माझ्याकडे वाटी केली. “अजून आहे?”

वहिनी खाली बसली आणि पातेल्यात हात घातला.

“थांब वहिनी,” मी म्हटलं. “अजून थोडा वेळ जाऊ दे. लगेच कळत नाही. थोडी थांब ना.”

तिने दाणे बोटांनी चिरडले, फुंकले, आणि धाकट्याच्या ओठांशी नेले.

“थोरल्याला पण असंच थांब म्हटलं होतं गं,” ती म्हणाली, आणि पोराने तोंड उघडलं.